एक सूर वर

रविवारी संध्याकाळी साडेसात ही आपली फोनची वेळ. गेली सहा वर्षं मी ती एकदाही चुकवलेली नाही. दोन महिन्यांपूर्वीच्या एका रविवारी तुमच्यातली धाकटी म्हणाली, "आजी, आज पाचच मिनिटं हं. मला मावशीआजीशी बोलायचंय. शाळेत प्रकल्प आहे, घरातल्या कलाकारावर." मी म्हटलं, बोल की. रात्री तिने मला त्या मुलाखतीचं रेकॉर्डिंग पाठवलं. एक तास अकरा मिनिटं. मी ते सगळं ऐकलं. एका प्रश्नाची वाट पाहत होते, तो आलाच नाही. आजीसुद्धा पियानो वाजवायची का, असं तिने विचारलं नाही आणि माझ्या बहिणीने आपण होऊन सांगितलं नाही.

मुलाखत छान झाली आहे. पण काही गोष्टी तिच्यात आल्या नाहीत, आणि एक तर त्यानंतर घडली. ती दुसऱ्या कोणाकडून तुमच्या कानावर यायला नको, म्हणून लिहिते आहे.

आम्ही साताऱ्यात वाढलो. वडील वकील होते आणि मुलींनी इंग्रजी शाळेत जावं असा त्यांचा हट्ट होता. शाळेच्या प्रार्थनेच्या हॉलमध्ये एक जुना पियानो होता. मी दहा वर्षांची असताना संगीताच्या बाईंकडे तो शिकायला लागले. धाकटी बहीण सहा वर्षांची. घरी तिला सांभाळायला कोणी नसायचं, म्हणून ती माझ्याबरोबर यायची आणि बाकावर पाय हलवत बसायची. कागदावरचं नोटेशन मला फार लवकर वाचता यायला लागलं. बाई कौतुक करायच्या. मग एका शनिवारी, मी आठ दिवस ज्या धड्याशी झटत होते तो धडा माझ्या बहिणीने कागदाकडे न बघता वाजवला. बाई तेव्हा माझी सुटलेली वेणी घालून देत होत्या. त्यांचे हात माझ्या केसांत तसेच थांबले.

नंतर त्या वडिलांना म्हणाल्या, "मोठी उत्तम वाचते. धाकटी वाजवते."

मी दाराशी उभी होते. हे वाक्य आज अठ्ठ्याहत्तराव्या वर्षीही मला बाईंच्या आवाजात ऐकू येतं.

पुढे वडिलांनी दोघींना समोर बसवून विचारलं, मुंबईला राहून पियानो शिकायची कोणाची तयारी आहे? मी म्हटलं, मला इंग्रजी घेऊन बी.ए. करायचंय. हे खरंच होतं, पण खरं कारण वेगळं होतं. लोकांसमोर वाजवायला बसले की माझे हात गार पडायचे आणि बोटं एकमेकांत अडकायची. मला कोणीही अडवलं नव्हतं. तरी मोठ्या बहिणीने धाकटीसाठी वाट सोडली, असं घरात सगळे समजत राहिले. मीही समजू दिलं. तुमच्या आईलासुद्धा.

मी लग्न होऊन सांगलीला आले, तीस वर्षं कॉलेजात इंग्रजी शिकवलं. बहीण मुंबईत शिकली आणि सिनेमाच्या रेकॉर्डिंग स्टुडिओत पियानो वाजवायला लागली. तिथली शिस्त तिने मुलाखतीत सांगितलीच आहे: सकाळी नऊला हजर, शंभर वादक एका खोलीत, पियानो बाजूच्या काचेच्या केबिनमध्ये, लाल दिवा लागला की कोणी खोकायचंसुद्धा नाही. एकाचा सूर चुकला की शंभर जणांनी पुन्हा पहिल्यापासून वाजवायचं. तिच्यामुळे तशी वेळ फार कमी वेळा आली. रेकॉर्डच्या कव्हरवर तिचं नाव कधी नसायचं. मला त्याचं समाधान वाटायचं. हे लिहायला बरं वाटत नाही, पण वाटायचं.

तुमच्या आजोबांना गाणं ओळखू यायचं नाही, मात्र तिचा पियानो ओळखू यायचा. जेवताना रेडिओवर तसं गाणं लागलं की ते हातातला घास तसाच धरून ओरडायचे, "ऐक, ऐक! माझी मेव्हणी!"

"भात गार होतोय," मी म्हणायचे.

"होऊ दे की. तुला ऐकू येतंय का नाही?"

येत होतं. दोन अंतऱ्यांच्या मधले दहा-बारा सूर असायचे. मी प्रत्येक वेळी त्यांत एखादी चूक शोधायचे. कधी सापडली नाही.

मग स्टुडिओत कीबोर्ड आला. एका माणसाच्या बोटांखाली पियानो, बासरी, व्हायोलिनं, सगळंच. बोलावणी कमी होत गेली. मी फोनवर हळहळ व्यक्त केली आणि त्या दिवशी संध्याकाळी घरात गुणगुणत होते. तुमच्या आजोबांनी विचारलं, आज काय विशेष? मी गुणगुणणं थांबवलं.

पण ती बसून राहिली नाही. एका शाळेने बँडसाठी काहीतरी लिहून मागितलं, तिथून ती कॉन्सर्ट बँडकडे वळली. क्लॅरिनेट, ट्रम्पेट, सॅक्सोफोन, ट्यूबा, ढोल, असा तीस-चाळीस जणांचा बँड. मिरवणुकीत चालत नाही, खुर्च्यांवर बसून वाजवतो. त्यासाठी लिहिणारी माणसं आपल्याकडे थोडी. पन्नाशीनंतर तिचं नाव झालं, आणि या वेळी ते कार्यक्रमपत्रिकेवर छापलेलं असायचं.

या कामात मी तिच्याबरोबर होते. आमची एक पद्धत होती. ती सगळ्या वाद्यांच्या ओळी एकाखाली एक लिहिते, पेन्सिलने, खाडाखोड करत. त्यातून प्रत्येक वादकाची ओळ वेगळ्या कागदावर उतरवावी लागते, त्याला पार्ट म्हणतात. ते मी करते. माझं अक्षर आणि प्रत्येक ओळ दोनदा तपासायची माझी सवय तुम्हाला माहीत आहे. त्यात एक गोष्ट असते. ट्रम्पेट आणि क्लॅरिनेट ही वाद्यं कागदावर लिहिलेल्या सुरापेक्षा एक सूर खाली वाजतात, घडणच तशी आहे. म्हणून त्यांच्या कागदावर सगळं एक सूर वर लिहायचं. बहीण पियानोवाली, तिच्या डोक्यात सगळं पियानोच्याच सुरात असतं, ती तसंच लिहिते. वर मी करते. इतक्या वर्षांत तिने माझे पार्ट एकदाही तपासले नव्हते.

आता ती साताऱ्यात राहायला आली आहे. त्या भागात घरटी एक माणूस फौजेत, आणि त्यातले काही फौजेच्या बँडमध्ये होते. निवृत्त झालेल्या अशा तिसेक जणांनी मिळून बँड उभा केला आहे. त्यांच्यासाठी तिने एक रचना लिहिली. सुट्टीवर घरी येणाऱ्या जवानाची. एसटी फाट्यावर सोडते आणि तो उसातल्या वाटेने चालत घरी येतो. मधल्या भागात बाकीची वाद्यं हळू होतात आणि ट्रम्पेट पुढे येतात. ती मला म्हणाली होती, "ताई, या तुकड्यासाठीच बाकीचं लिहिलंय."

ती मुलाखत झाली त्याच्या दुसऱ्या दिवशी, सोमवारी, मी ते पार्ट उतरवायला बसले. ट्रम्पेटचा तो तुकडा आला आणि माझ्या लक्षात आलं की तो आधीच एक सूर वर लिहिलेला आहे. बाकीचं सगळं नेहमीसारखं होतं, फक्त तेवढाच तुकडा तसा नव्हता. तिने या वेळी तो स्वतःच वर केला होता आणि सांगायचं विसरली होती. मी नेहमीसारखा पुन्हा वर केला, तर ट्रम्पेट सगळ्या बँडच्या एक सूर वर वाजणार. जेवताना दाताखाली खडा यावा तसं कानाला होणार.

फोन समोर होता. मी चष्मा काढून थोडा वेळ बसले. डोक्यात ती एक तास अकरा मिनिटं होती. मग चष्मा लावला आणि तो तुकडा पुन्हा एक सूर वर लिहिला. नेहमीच्या स्वच्छ अक्षरात. माझं काम उतरवण्याचं, विचार करण्याचं नाही, असं मी स्वतःला सांगितलं. एकदा, एका ठिकाणी तरी, सगळ्यांदेखत तिचं चुकावं, एवढंच मला हवं होतं.

शनिवारी तालीम होती, रविवारी कार्यक्रम. मी सगळे पार्ट घेऊन सकाळच्या गाडीने साताऱ्याला गेले. एका शाळेच्या हॉलमध्ये सगळे जमले होते. बँडमास्तर निवृत्त सुभेदार, मिशा पांढऱ्या, पाठ अजून ताठ. सुरुवातीचा भाग सुरेख गेला. मग तो तुकडा आला. मास्तरांनी हात वर करून सगळ्यांना थांबवलं.

"आवं बाई, हितं कायतरी बिनसलंय बगा."

मागून एक ट्रम्पेटवाला म्हणाला, "मी बरूबर वाजीवतोय, मास्तर. कागूद बगा की."

"कागूद सरळ हाय गड्या, तुजं त्वांड वाकडं हाय," शेजारचा म्हणाला. सगळे हसले.

पुन्हा वाजवून पाहिलं. पुन्हा तेच. बहीण उठली आणि आपल्या प्रतीवर वाकून ती ओळ बोटाने वाचायला लागली. मी दुसऱ्या रांगेत बसले होते. ज्याची वाट पाहत होते ते समोर घडत होतं.

"माझंच चुकलंय," ती म्हणाली. "मी हा वर लिहिलाय. का लिहिला, आठवत नाही."

"हुतंय की बाई, त्यात काय येवढं," मास्तर म्हणाले.

"नाही, मास्तर. मला आठवतच नाहीये." तिचा आवाज बदलला होता. ती माझ्याकडे वळली आणि हळू बोलली, "ताई, आईचं असंच सुरू झालं होतं ना?"

तुम्ही तुमच्या पणजीला पाहिलेलं नाही. शेवटची चार वर्षं तिने आम्हा दोघींना ओळखलं नाही. बहिणीला आयुष्यात भीती वाटते ती त्या एका गोष्टीची.

मी काही बोलायच्या आत ती मास्तरांना म्हणाली, "हा तुकडा काढून टाकू या. इथून सरळ शेवटाकडे जा. आणि यापुढे मी काही लिहिणार नाही. आता मला माझाच भरवसा नाही."

मी उभी राहिले. हात गार पडले होते, शाळेत पडायचे तसेच.

"तिचं चुकलेलं नाही," मी म्हटलं. "तिने हा तुकडा मुद्दाम वर केला होता. मी तो आणखी एकदा वर केला."

"तू?" बहीण म्हणाली. "तुझी कधी चूक होते?"

"चूक नाही. मला दिसलं होतं."

"कधी?"

"सोमवारी."

"आज शनिवार आहे, ताई."

"हो."

 मास्तर आपल्या माणसांकडे वळून म्हणाले, "चला रं, च्या घिऊन येऊ." तीस माणसं वाद्यं खुर्च्यांवर ठेवून बाहेर गेली. इतकं समजूतदार मी काही पाहिलं नाही.

आम्ही दोघीच उरलो. आपल्या प्रतीवरची ती ओळ पुन्हा पाहून ती म्हणाली, "आता आठवलं. तुझं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं ना, म्हटलं तुला त्रास नको, या वेळी मीच वर करते. तेवढाच तुकडा झाला आणि कंटाळा आला."

मी मान खाली घातली.

"का पण?" तिने विचारलं.

"हेवा वाटला."

"कशाचा? माझा? स्टुडिओत मला धड नोटेशन वाचता यायचं नाही म्हणून रोज सकाळी जायची भीती वाटायची. तू असतीस तर काय झालं असतं, असं मनात यायचं."

"मग मुलाखतीत सांगायचंस की."

"मला वाटलं, तुला आवडणार नाही. तू पियानोचं नावच काढत नाहीस."

ती मऊ होईल असं मला वाटलं. तसं झालं नाही. तिने सगळे पार्ट गोळा करून माझ्यासमोर ठेवले. "आण तुझं पेन. आणि आता सगळे तपासायचे."

ट्रम्पेटचे तिन्ही कागद मी तिथेच दुरुस्त केले. मग तिने प्रत्येक पार्ट, प्रत्येक ओळ, बोट ठेवून पाहिली. माणसं चहा पिऊन परत आली, बाहेरच्या पायऱ्यांवर बसून राहिली. दोन तास गेले. दुसरी एकही चूक सापडली नाही. शेवटचा कागद खाली ठेवताना तिच्या चेहऱ्यावर राग होता, आणि एवढं होऊनही मला माझ्या कामाचा अभिमान वाटला.

रविवारी तो तुकडा जसा हवा तसा वाजला. पहिल्या रांगेतल्या एक बाई पदराने डोळे पुसत होत्या. बहीण व्यासपीठावर गेली, लोक उभे राहिले. तिने माझं नाव घेतलं नाही आणि घ्यावं असं कारणही नव्हतं. मी टाळ्या वाजवल्या. हेवा वाटत होता. मी तो तुमच्यापासून लपवणार नाही.

त्यानंतर दीड महिना तिचा फोन आला नाही. ती काहीतरी नवीन लिहिते आहे हे मला तुमच्याकडूनच कळलं. गेल्या आठवड्यात शेवटी मीच फोन केला.

"नवीन असेल ते पाठव उतरवायला."

ती म्हणाली, "पाठवीन. पण उतरवून झालं की मला फोनवर प्रत्येक ओळ वाचून दाखवायची."

"प्रत्येक?"

"प्रत्येक. ढोलाचीसुद्धा."

मी हो म्हटलं. पानं अजून आलेली नाहीत.