नावांच्या मागे लागलेले इसहाक मास्तर

पारनेरजवळच्या त्या गावात शाळेवर रुजू झालो, तेव्हा हेडमास्तरांनी माझा नेमणुकीचा हुकूम वाचला, घडी घालून परत दिला आणि विचारलं, “चिंचोलीकर, कोणत्या चिंचोलीचे?”

“आम्ही नगरचे,” मी म्हणालो.

“नगरचे असता तर नगरकर झाला असता. या एका जिल्ह्यातच चार-पाच चिंचोल्या आहेत. तुमची कोणती?”

मला ठाऊक नव्हतं. “बावीस वर्षं एका गावाचं नाव लावून हिंडताय, आणि ते गाव कुठं आहे हे माहीत नाही!” असं म्हणून त्यांनी मला पंधरा दिवसांची मुदत दिली. मी वडिलांना कार्ड टाकलं. उलटटपाली उत्तर आलं, “नोकरीकडे लक्ष दे.”

हे इसहाक मास्तर. आमच्या दोन शिक्षकांच्या शाळेचे हेडमास्तर, आणि शाळेच्याच कोपऱ्यात लढाईच्या त्या दिवसांत नव्यानं सुरू झालेल्या टपालकचेरीचे पोस्टमास्तरही. इसहाक या नावाचा मूळ अर्थ ‘तो हसतो’, हे त्यांनीच मला सांगितलं, तेही कपाळावर आठी घालून. त्यांचा आजा धोंडू. ख्रिस्ती झाल्यावर तो याकोब झाला. “आजीला मात्र काही फरक पडला नाही,” मास्तर सांगत. “तिनं नवऱ्याचं पहिलंही नाव कधी घेतलं नव्हतं आणि दुसरंही घेतलं नाही.”

एकदा स्मिथ नावाचे एक गोरे साहेब शाळा पाहायला आले. मुलांचं गणित राहिलं बाजूला. स्मिथ म्हणजे लोहार, हे मास्तरांना माहीत होतं. साहेबांना थेट गावच्या लोहाराच्या भट्टीवर नेऊन ते म्हणाले, “हे तुमचे आडनावबंधू.” लोहारानं साहेबांकडे खालीवर पाहिलं आणि विचारलं, “हे बी लोहारच का? मग जरा भाता वढायला सांगा की!” साहेबांनी खरंच कोट काढून भाता ओढला. शाळेचा शेरा त्या वर्षी उत्तम आला.

पण सगळेच स्मिथसाहेबांसारखे नव्हते. मास्तरांनी विहिरीवरच्या बायकांना माहेरची नावं विचारली, तेव्हा पाटील स्वतः शाळेत आले. “मास्तर, बायकांची नावं काय करायची तुमाला? पोरं शिकवा.” मास्तर म्हणाले, “लग्नात नाव बदलतात ना पाटील, मग जुनं कुठं जातं, एवढंच बघत होतो.” पाटील निघून गेले आणि मास्तरांनी विहिरीचा रस्ता सोडला. चार दिवस मी त्यांना चिडवत होतो.

पुढच्याच महिन्यात ते पत्र आलं. लष्कराचा शिक्का होता. वर नाव होतं, ‘सौ. यमुना वाघ’, आणि पाठवणाऱ्याच्या जागी नुसतं ‘टी. डी. वाघ’. टपाल वाटणारा भिवा गावभर फिरून आला. “मास्तर, आपल्यात वाघ न्हाईत. यमुना बी न्हाई.” नियमाप्रमाणे पत्र परत पाठवायला हवं होतं. फोडून पाहणं तर त्यांना चालणारच नव्हतं. ते नुसतेच पत्र उलटंसुलटं करत बसले.

गावातून चार जण पलटणीत गेले होते. तिघांची पत्रं येत होती. चौथा तुकाराम उंदरे. जाऊन दीड वर्ष झालं, त्याची एक ओळ आली नव्हती. त्याचा थोरला भाऊ सखाराम आणि भावकीतली मंडळी तो गेलाच असं धरून चालली होती. तुकारामची बायको चंद्रभागा कुंकू पुसायला तयार नव्हती. मग भावकीनंच ठरवलं होतं की येत्या सोमवारी तिच्या बांगड्या उतरवायच्या.

“तुकारामाच्या बापाचं नाव काय?” मास्तरांनी भिवाला विचारलं.

“दगडू.”

मास्तर एकदम हसले. सबंध वर्षात मी त्यांना पहिल्यांदा हसताना पाहिलं. “टी. डी.! चिंचोलीकर, लढाईवर निघालेला माणूस भरतीच्या साहेबाला आपलं नाव उंदरे सांगेल का हो?”

“पण यमुना?”

“ते तिलाच विचारायला हवं,” असं म्हणून त्यांनी टोपी घातली. मीही निघालो.

सखाराम ओट्यावरच होता. मास्तरांनी दाराआड उभ्या असलेल्या चंद्रभागाबाईंना विचारलं, “बाई, तुमचं माहेरचं नाव काय?”

सखाराम उसळलाच. “पुन्हा तेच का मास्तर? आमच्या घरात दुखवटा हाय, अन् तुमाला नावं सुचत्यात!”

मास्तर जागचे हलले नाहीत. आत बांगड्या किणकिणल्या. मग दाराआडून बारीक आवाज आला, “यमुना.”

“या नावानं तुम्हांला इथं कोण हाक मारतं?”

“कुनी न्हाई.” मग आवाज आणखी बारीक झाला. “तेवढे ते म्हनायचे. कुनी नसलं की.”

मास्तरांनी पत्र तिच्या हातात दिलं. तिला वाचता येत नव्हतं. तिनं ते परत मास्तरांपुढे धरलं. तिच्या सांगण्यावरून त्यांनी तिथंच ते फोडून मोठ्यानं वाचलं. “चि. सौ. यमुना हिस अनेक आशीर्वाद. पायाला गोळी लागली होती, आता बरा आहे. आधी दोन पत्रं धाडली, ती पारनेराहून फिरून आली. तू घरी आहेस की माहेरी गेलीस, तेवढं कळव.”

तिनं पत्र मास्तरांच्या हातातून घेऊन कपाळाला लावलं. सखाराम तोंडावर उपरणं धरून रडत होता. रडतारडताच म्हणाला, “उंदराचा वाघ कधी झाला, मास्तर?”

“भरतीच्या रांगेत,” मास्तर म्हणाले आणि स्वतःच डोळे पुसू लागले.

तुकाराम लंगडत परत आला, तेव्हा मास्तरांनी त्याला तासभर फैलावर घेतलं. “वाघ झालास ते झालास, घरी कळवायचं कुणी?” तो मान खाली घालून म्हणाला, “पलटनीत लई हसले असते हो.” मास्तर म्हणाले, “इथं तुझ्या बायकोच्या बांगड्या उतरत होत्या.” त्यानंतर तो बायकोला चारचौघांत यमुना म्हणू लागला. गाव आधी हसलं, मग सरावलं.

आणि एका दुपारी शाळा सुटल्यावर लोहाराची बायको टपालकचेरीच्या दाराशी येऊन उभी राहिली. “मास्तर, माजं बी नाव लिवून ठेवा. आधीचं.” दुसऱ्या दिवशी दोघी आल्या. मास्तरांनी एक कोरी वही काढली. कुणी सुनेला पाठवलं, कुणी जावेला घेऊन आलं. खुद्द पाटीलबाईही येऊन गेल्या. पाटलांनी ते कळूनही न कळल्यासारखं केलं.

दोन वर्षांनी माझी कोपरगावला बदली झाली. निघायच्या दिवशी मी मास्तरांचा निरोप घ्यायला गेलो. दारात माझं सामान लादलेली बैलगाडी उभी होती. मास्तरांसमोर एक सुरकुतलेली म्हातारी बसली होती. मला त्यांनी हातानंच थांबायची खूण केली.

“हं आजी, लग्नाआधीचं नाव?”

म्हातारी आठवत राहिली. गाडीवान बाहेरून दोनदा ओरडला. मास्तर टाक दौतीत बुडवून थांबले होते. म्हातारीनं छताकडे पाहिलं, बोटं मोडली, पुटपुटली. मग एकाएकी तिचा चेहरा उजळला.

“सोनी,” ती म्हणाली. “आई मला सोनी म्हनायची.”