हप्ते फिटेपर्यंतचं प्लास्टिक

आमच्या साडूंच्या घराइतकं नवंकोरं घर अख्ख्या जालन्यात सापडायचं नाही. शेवटचा हप्ता जाईपर्यंत कशावरचंही प्लास्टिक काढायचं नाही, हा त्यांचा नेम. "फिटल्याबिगर आपलं म्हणायचं न्हाई, साडूभाऊ," असं ते टीव्हीकडं बघत म्हणतात, आणि प्लास्टिकमागे बातम्या देणारी बाई बारा महिने धुक्यात बसलेली असते. हप्ते फिटायच्या आत नवं मॉडेल येतं, जुनं एक्स्चेंजमध्ये जातं, आणि प्लास्टिक काढायची वेळ काही येत नाही.

ते एमआयडीसीत लोखंडाच्या कारखान्यात कामाला. सात तारखेला पगार, त्याच दिवशी राजूरच्या गणपतीला नारळ, आणि दहा तारखेला शेजारून चहापत्ती उसनी. वीस तारखेनंतर ते आमच्याकडे नेमके जेवणाच्या वेळी "सहज" येतात. पण माणूस दिलदार. रिकाम्या हातानं येत नाही, लिंबं तरी आणतो.

दोन वर्षांपूर्वी त्यांनी मागं रेलायची मऊ खुर्ची घेतली. घेतानाच मेहुणीला शब्द दिला, "हिचे हप्ते फिटले की रविवारचा ओव्हरटाइम बिलकुल बंद. मंग तुला जांब समर्थला दर्शनाला नेतो." मेहुणीनं ती खुर्ची एक्स्चेंजला जाऊ दिली नाही. हप्त्यांपायी साडू रविवारीही कारखान्यात, आणि खुर्चीत मांजर. मांजराला हप्त्यांचं काही माहीत नव्हतं.

गेल्या महिन्यात शेवटचा हप्ता गेला आणि रविवारी आम्हा दोघांना जेवायचं आवतण आलं. जेवणं झाली, नारळ फुटला, मेहुणीनं कात्रीनं प्लास्टिक कापलं. साडू बसले, रेलले, डोळे मिटले.

"कसं वाटून राह्यलं?" मी विचारलं.

त्यांनी डोळे उघडले. मग म्हणाले, "खुर्चीच हाये की."

सवयीनं त्यांनी मोबाइल काढला. पाठ चेपून देणाऱ्या खुर्चीची जाहिरात आली होती, "हप्ता फक्त नऊशे रुपये" म्हणून. मेहुणी कात्री घेऊन तशीच उभी राहिली. मला फार वाईट वाटलं. साडूंनी एकदा तिच्याकडं पाहिलं, मोबाइल माझ्या हातात दिला आणि उठले.

"चल, जल्दी आवर. जांबला जाऊन येऊ. साडूभाऊ, तुम्ही चहा करून घ्या."

दोघं जुन्या मोटारसायकलवर गेली. मेहुणी मागं बसून कॉलेजातल्या पोरीसारखी हसत होती. मी खुर्चीत टेकलो. मांजर मांडीवर आलं.

"आपणबी जायचं का एखाद्या रविवारी?" बायकोनं विचारलं.

हो म्हणायला तोंड उघडलं, आणि आमच्या नव्या गाडीचे अजून एकतीस हप्ते आठवले.