भोजलीचं नाव

वैनगंगेच्या उताराला लागून असलेल्या आमच्या वस्तीत मूळचं असं कोणीच नाही. कोणी छत्तीसगडातून राईस मिलमध्ये हमालीला आलं, कोणी बालाघाटकडून वीटभट्टीवर, आणि माझे आईबाबा अड्याळजवळच्या खेड्यातून भांड्यांच्या कारखान्यात. तरी भंडाऱ्यातलं कोणी अजून "तुम्ही बाहेरचे" म्हणालं की माझं डोकं फिरतं. उन्हाळ्यात नदीच्या रेतीवर डांगरवाड्या, म्हणजे वेलींचे मळे, लावून यांना टरबुजं खाऊ घातली ती आम्हीच. पुढे खालच्या धरणाचं पाणी चढलं, रेती बुडाली, वस्ती मात्र राहिली.

आईची शेजारीण छत्तीसगडची. लग्न होऊन आली तेव्हा तिला मराठीचा शब्द येत नव्हता आणि आईला तिची बोली कळत नव्हती. पहिल्याच श्रावणात तिनं टोपलीत गहू पेरले. राखीच्या दुसऱ्या दिवशी ते पिवळे कोंब दोघींनी नदीत सोडले आणि त्यातलेच चार-चार एकमेकींच्या कानामागे खोचले. याला भोजली बदणं म्हणतात. त्या दिवसापासून दोघी जन्माच्या मैत्रिणी, आणि एकमेकींचं नाव कधीच घ्यायचं नाही. हाक मारायची ती "भोजली" अशीच. आईनं हा नेम चाळीस वर्षं पाळला. भांडतानासुद्धा "काय व भोजली, अक्कल गहाण ठेवली का?" असंच.

दोन वर्षांपूर्वी वस्तीला घरांचे पट्टे द्यायचं ठरलं. भोजलीमावशीचे कागद पुरात वाहून गेले होते. नवरा नाही, मुलगा परगावी. पट्टा नसेल तर घर पाडणार, हे स्पष्ट होतं. कागद नसतील तर जुन्या शेजाऱ्याची तोंडी साक्ष चालेल, असं कळलं. अर्ज मी लिहिला आणि साक्षीदार म्हणून मोठ्या हौसेनं आईला नेलं. चूक माझीच.

समाजमंदिरात पट्ट्यांच्या चौकशीसाठी आलेल्या साहेबांचं टेबल मांडलेलं. साहेबांनी विचारलं, "या बाईंना किती वर्षं ओळखता?"

"चाळीस."

"त्यांचं नाव सांगा."

 आईनं सगळं सांगितलं, फक्त नाव सोडून. "हे बाई आली तवा इथं चारच झोपड्या होत्या, साहेब. माह्या या पोरीची नाळ हिनंच कापली."

"ते ठीक आहे, आजी. नाव?" साहेबांनी कागद बाजूला सरकवला. "चाळीस वर्षांच्या शेजारणीचं नाव माहीत नाही?"

मी तोंड उघडलं, तर म्हणाले, "साक्ष तुमची आहे का?" मला त्यांचा राग आला, आईचा आला आणि सगळ्यात जास्त स्वतःचा.

मागून भोजलीमावशी उठली. "काहून गप झाली व भोजली? साहेब थांबून राहिले. घे नाव."

"मी नाही घेत. पाप लागन."

"पाप माह्या डोक्शावर. घर गेलं त मले पोराकडं जा लागन. मंग तू भोजली कोनाले म्हनशीन?"

आईनं डोळ्यांना पदर लावला, नदीकडे तोंड करून हात जोडले आणि नाव घेतलं. हळू घेतलं, म्हणून साहेबांनी पुन्हा विचारलं. दुसऱ्यांदा तिनं इतकं मोठ्यानं घेतलं की बाहेर रांगेत उभ्या असलेल्यांनीही वळून पाहिलं. साहेबांनी लिहून घेतलं. चार महिन्यांनी पट्टा आला, मावशीच्याच नावानं.

पण त्या दुपारी काम झालं तरी मावशी टेबलापासून हलेना. तिचा नवरा तिचं नाव घेत नसे, सासू माहेरच्या गावावरून हाक मारायची, आणि मुलाला ती नुसती आई. रांगेतले लोक ओरडत होते, मी तिचा हात ओढत होते. ती आईला म्हणाली, "अजून एकदा घे ना व. माहेर सुटल्यापासून कोनी घेतलंच नव्हतं."