न मरणाऱ्या मेंढ्या

दिवाळी होऊन आठवडा झाला होता. उमापूरहून सकाळच्या पहिल्या एसटीनं गेवराई गाठली, तिथून माजलगाव, आणि माजलगावहून धारूरची गाडी धरली. धारूरच्या पुढं डोंगरात असलेल्या एका गावानं मला शिलालेख लिहायला बोलावलं होतं. वाचायला नाही, लिहायला.

हे बोलावणं कसं आलं ते आधी सांगते. गेल्या वर्षी मी तंजावरला गेले होते. चोळ राजानं हजार वर्षांपूर्वी बांधलेल्या तिथल्या मोठ्या देवळाच्या जोत्यावर तमिळ अक्षरांच्या ओळीच ओळी आहेत. राजानं दिलेलं सोनं त्यात आहे, गावांनी भरायचं धान्य आहे, इतर देवळांतून उचलून आणून वसवलेल्या शेकडो नाचणाऱ्या बायकांची नावं आहेत. आणि दिवे आहेत. देवापुढं नंदाविळक्कु (अखंड दिवा) लावायचा तर दाता शहाण्णव मेंढ्या द्यायचा. त्या एका मेंढपाळाच्या हवाली व्हायच्या. त्यानं रोज ठरलेलं तूप देवळात आणून द्यायचं, चंद्र-सूर्य असेपर्यंत. तो नसला तर त्याच्या नातलगांनी. त्या काळच्या अशा लेखांमध्ये या मेंढ्यांना नाव आहे, सावा मूवा पेराडु (न मरणाऱ्या, म्हाताऱ्या न होणाऱ्या थोर मेंढ्या). एखादी मेली तर मेंढपाळानं दुसरी घालायची. आकडा मरत नाही.

परत आल्यावर मी एका छोट्या मासिकात लेख लिहिला. आमच्या घरात पुस्तकांच्या आधी पत्रकं आली. वडील मोर्च्याच्या पत्रकांच्या घड्या घालत आणि मी मागच्या कोऱ्या बाजूवर अक्षरं गिरवत असे. त्यामुळे कुठंही भव्य काही दिसलं की याचं ओझं कुणी वाहिलं, हे विचारायची खोड लागली. लेखाचा उत्तरार्ध तोच प्रश्न होता. पूर्वार्धात मात्र तो गाभारा, ती थरथरणारी ज्योत, ती कावेरीकाठची मेंढरं मी अशी रंगवली होती की माझी मीच खूश होते.

तो लेख आबांनी वाचला. आबा म्हणजे त्या डोंगरगावचे मोठे जमीनदार. निम्मं शिवार त्यांचं, आणि निवडणुकीत गाव कुणीकडं जाणार हे त्यांच्या ओसरीवर ठरतं. ते महादेवाचं नवं देऊळ बांधत होते, त्यासाठी तमिळनाडूतून दगडाचे कारागीर आणले होते. फोनवर म्हणाले, "ताई, तुमी लिवलं तसंच करतोय आपण. शहाण्णव मेंढ्या माझ्या. सांभाळणार आमचा बिरू. दगडावरचा मजकूर तेवढा तुमच्या हातचा पायजे."

मी येते म्हणाले. हे थांबवायचं, एवढंच डोक्यात होतं.

तेलगाव मागं पडलं आणि गाडी घाटाला लागली. बालाघाटाचा हा कडा खालून साधा दिसतो, वळणं सुरू झाली की खरा कळतो. सीताफळांची झाडं दगडादगडांतून उगवलेली. वर आल्यावर धारूरचा किल्ला दिसला. धारूरच्या बाजारात चहा घेतला, टोपलीवाल्या बाईकडून चार सीताफळं घेतली आणि काळीपिवळीत बसले. ड्रायव्हरनं फाट्यावर उतरवलं आणि बोट दाखवलं. ते बोट कुठल्या पायवाटेकडं होतं हे मात्र मी नीट पाहिलं नाही.

अर्ध्या तासानं मी काटेरी माळावर उभी होते आणि समोर एक काळं कुत्रं दात दाखवत होतं. सीताफळांची पिशवी पुढं धरली. कुत्र्यानं पिशवी सोडून सलवार धरली.

"वाघ्या, सोड बे तिला."

आवाज बाईचा होता. डोक्यावर पदर, हातात टोकाला कोयता बांधलेली काठी. मागं पन्नास-साठ मेंढ्या आणि दोन शेळ्या. तिनं कुत्र्याला एक खडा मारला आणि माझ्याकडं बघितलं. "हिकडं कावून आल्या? हिकडून वाट न्हाई."

देवळाच्या लेखासाठी आले, म्हणाले. ती हसली नाही. "म्हंजी आमच्यासाठीच आल्या की."

ती सोनाबाई, बिरूमामांची बायको. मुलगा पुण्याला कंपनीत, कळप सांभाळायला दोघंच. बिरूमामा झाडाखाली एका मेंढीच्या खुरातला काटा काढत होते. शेळीच्या दुधाचा चहा झाला, भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी पुढं आली. खाता खाता त्यांच्या वर्षाचं चक्र कळलं. दिवाळीनंतर हा माळ वाळतो. मग कळप घेऊन गोदाकाठी उतरायचं आणि तिथल्या रानांत मेंढ्या बसवायच्या. रानाला खत मिळतं, मेंढपाळाला धान्य. पाऊस पडला की परत वर.

"आन दिवा रोज लावायचा म्हणल्यावर?" मी विचारलं.

"तर न्हाई जायचं," सोनाबाई म्हणाली. "उन्हाळ्यात हितं काय, दगडं खातेल मेंढरं?"

"आबा चारा देतो म्हणलेत," बिरूमामा खाली बघूनच म्हणाले.

"पयल्या वर्षी देतेल." मग माझ्याकडं वळून, "आन ताई, मेंढीचं तूप तुमी कवा खाल्लंय का? आमी तर न्हाई. दूध पिल्लालाच पुरत न्हाई. तूप इकतच आणावं लागंल."

हा प्रश्न तंजावरला माझ्या डोक्यात आला नव्हता. मी ती ज्योत रंगवत बसले होते.

देऊळ गावाच्या वरच्या अंगाला होतं. शिखर अजून उभं राहायचं होतं, पण खांब आणि जोतं झालेलं. दगडाच्या कपच्यांमध्ये बसलेले मुरुगेसन नावाचे स्थपती (देवळं घडवणारे मुख्य कारागीर) मोडक्या हिंदीत बोलत. पुढच्या भिंतीत एक गुळगुळीत केलेला दगड बसवला होता. त्यावर गेरूनं ओळी मारलेल्या, आणि कोपऱ्यात एकच शब्द कोरलेला: बिरू.

"मराठी अक्षर का प्रॅक्टिस," मुरुगेसन म्हणाले. "छोटा नाम पहले किया. एक दिन गया, अम्मा. रफार नहीं, जोडाक्षर नहीं, फिर भी."

अक्षरं सुरेख होती. उकारावर असा वळसा दिला होता की बोट फिरवावंसं वाटावं. मी फिरवलंही.

आबा आले तेव्हा त्यांच्या हातात माझा लेख होता, प्लास्टिकच्या आवरणात घालून घेतलेला. फक्त पहिला अर्धा भाग. "बाकीचं जरा राजकारण होतं," ते हसून म्हणाले. "तेवढं कापलं. तुमची भाषा लई गोड हाय, ताई. वाचून डोळ्यात पाणी आलं."

मी म्हणाले, "आबा, त्या मेंढपाळाच्या नातवंडांनाही हे बांधून टाकणारं आहे."

"आवो, मानानं बांधतोय. बिरूचा बाप मेला तेव्हा सरकारी कागदावर त्याचं नाव सुदीक बरोबर नव्हतं. उद्या त्याचं नाव महादेवाच्या भिंतीवर राहणार हाय. तुमाला ह्यात वाईट काय दिसतं?"

याचं उत्तर मजकुरातच द्यायचं ठरवलं. दुपारभर त्यांच्या पाहुण्यांच्या खोलीत बसून मी मजकूर लिहिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी जोत्यावर सतरंज्या पडल्या. गाव जमलं. बिरूमामा नवा फेटा बांधून पुढं बसले होते. सोनाबाई बायकांच्या घोळक्यात, मागं. आबांनी मला उभं केलं. मी वाचायला लागले. दात्याचं नाव, गावाचं नाव, शहाण्णव मेंढ्या, रोजचं तूप. मग मी तेही वाचलं जे कुठल्याही राजानं असं उघड लिहिलं नसतं: की मेंढ्या देवाच्या राहतील, मेंढपाळ त्या विकू शकणार नाही, दुष्काळात, रोगराईत आकडा कमी होणार नाही, त्याला गाव सोडून कळप नेता येणार नाही, आणि हे त्याच्या मुलानातवांना लागू राहील.

सभेत खोकल्याचे आवाज आले. आबा म्हणाले, "हे नव्हतं ठरलं."

"हे आधीपासून आहे, आबा. मी फक्त सरळ लिहिलं."

आणि मग उठले ते बिरूमामा. मला वाटलं ते आता माझ्या बाजूनं बोलतील. ते माझ्याकडं वळून म्हणाले, "ताई, तुमचं नाव पुस्तकात छापून येतं ना? दर महिन्याला येत आसंल. आमचं एकदा दगडावर आलं तर तुमच्या पोटात कावून दुखतंय?"

लोक हसले. मी कागद हातात धरून उभी होते. इतकी वर्षं मी अशाच माणसांच्या वतीनं लिहीत आले होते, आणि त्यातल्या एकानंही मला काही विचारलं नव्हतं, कारण मी त्यांच्यासमोर वाचलंच नव्हतं.

तेवढ्यात मागून सोनाबाई म्हणाली, "आबा, एक इचारायचं हाय. कानाचं लिवलं का?"

"कसला कान?"

सगळ्यांना कळलं, मला नाही. शेजारच्या म्हातारीनं हळूच सांगितलं. इकडं कुणी दुसऱ्याचं जनावर अर्धलीनं सांभाळतं (पिल्लं मालक आणि सांभाळणारा वाटून घेतात). जनावर मेलं तर सांभाळणाऱ्यानं त्याचा कान कापून मालकाला दाखवायचा. कान दाखवला की तो सुटला. मेलं ते मेलं, भरपाई नाही.

"मेल्या मेंढीचा कान आणून देवळात दाखवला की आमी मोकळं," सोनाबाई म्हणाली. "एवढी वळ दगडावर घाला. मग दिवा आमी लावतो."

आबांचा चेहरा बदलला. "येडी हायस का? महादेवाच्या भिंतीवर मेल्या मेंढीचा कान लिहायचा? सोभंल का ते? ह्या न मरणाऱ्या मेंढ्या हायत. त्यातच तर सगळं सौंदर्य हाय."

"मग न मरणाऱ्या तुमीच ठिवा, आबा. आमच्याकडं मरणाऱ्या हायत."

कुणीतरी मागं फिसकन हसलं आणि लगेच थांबलं. आबा रागावले नाहीत. तेच जास्त भीतीदायक होतं. ते बिरूमामांकडं बघत म्हणाले, "बायकूचं ऐकतोस का माझं?"

बिरूमामांनी फेट्याचा शेमला हातात घेतला. दगडाच्या कोपऱ्यातल्या आपल्या नावाकडं बघत ते म्हणाले, "कान पायजे, आबा. बापानं बी कानावरच पाळल्या."

"बरं," आबा म्हणाले. "उद्यापासून माझ्या रानात मेंढी दिसायची न्हाई." मग कारागिरांकडं वळून, "मिस्त्री, ते नाव काढा."

मुरुगेसननी एकदा माझ्याकडं बघितलं. मी काहीतरी बोलेन असं त्यांना वाटलं असावं. मग त्यांनी रुंद छिन्नी घेतली. चहाचे कप फिरत होते, तेवढ्यात दगड पुन्हा गुळगुळीत झाला. तो उकाराचा वळसा सगळ्यात शेवटी गेला.

माझा मजकूर कुणी मागितला नाही. आबांनी जेवायला थांबा असंही म्हटलं नाही. फाट्यापर्यंत चालत आले, धारूरला आले आणि तिथून खाली जाणारी गाडी मिळेपर्यंत दिवस कलला.

घाटाच्या तिसऱ्या वळणावर गाडी थांबली. समोर रस्ताभर मेंढ्या होत्या. उद्याची वाट न बघता ते दोघं निघाले होते. माळावर जे उरलं होतं ते सोडून, नेहमीपेक्षा आठ-दहा दिवस आधी. सोनाबाई घोड्यावर लादलेल्या बिऱ्हाडासोबत पुढं होती. तिनं मागं पाहिलं नाही. कंडक्टर कुरकुरला, ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला, वाघ्या गाडीवर भुंकला.

बिरूमामा माझ्या खिडकीशी आले. फेटा जुना होता. माफी मागावी की काय, मला कळेना. त्यांनीच विचारलं, "ताई, त्या मिस्त्रीला माझं नाव कोरायला किती येळ लागला?"

"एक दिवस."

"आन काढायला?"

"चहा होईस्तोवर."

त्यांनी मान हलवली. "लोकरीवाणीच. वाढाया वरीस, कातराया घटका." मग कळपाकडं वळून तोंडानं एक लांब आवाज काढला आणि मेंढ्या रस्त्याच्या कडेला सरकल्या.

गोदाकाठी या दोघांना आधी पोचल्यावर रान मिळेल की नाही, माहीत नाही. पुढच्या पावसात ते वर आल्यावर चारा कुठं मिळेल, तेही नाही. त्यांचं हे नुकसान माझ्या एका सुंदर परिच्छेदापासून सुरू झालं, हे मी इथं नोंदवून ठेवते, कारण तो परिच्छेद ज्यांनी वाचला त्यांनी हेही वाचायला हवं.

तुम्ही तंजावरला जाल तर त्या भिंती जरूर बघा. मेंढपाळांची नावं तिथं हजार वर्षं टिकून आहेत, अक्षरं अप्रतिम आहेत. तो लेख ठरला त्या दिवशी त्यांच्या बायकांपैकी कुणीतरी उठून मेल्या मेंढीचं विचारलंच असेल. ते मात्र तिथं कुठं कोरलेलं नाही.