मातामायच्या पारावर सिनेमा

कामिनी गिरीपुंजे नागपूरच्या सदर भागातल्या मधुकररावांच्या स्टुडिओत लग्नांचे व्हिडिओ काढायची. सुट्टीच्या दिवशी मात्र ती स्वतःच्या माहितीपटामागे असे. देवानं ऐकलं नाही तरी माणसं पुन्हा त्याच्याच दारी का जातात, हे तिला समजून घ्यायचं होतं. तिची स्वतःची फारशी श्रद्धा नव्हती.

रामटेकजवळच्या एका गावात कुसुमताईंच्या अंगात मातामाय, म्हणजे गावची देवी, येते, असं तिच्या कानावर आलं. कॅमेरा घेऊन ती गेली, तर बायांनी तिला वेशीवरच अडवलं. आधी कुण्या चॅनलवाल्यानं कुसुमताईंचं चित्रण करून त्याला भुताच्या पिक्चरचं संगीत लावलं होतं. तेव्हापासून बाजारात लोक त्यांना चेटकीण म्हणत.

"तू काहून आली वं?" कुसुमताईंनी विचारलं. "आमचा पुन्हा तमाशा कराले?"

"तुम्ही हो म्हणेपर्यंत कॅमेरा पिशवीतून काढणार नाही," कामिनी म्हणाली. "आणि पिक्चर आधी तुमच्याच पारावर दाखवीन. कापा म्हणाल ते कापीन."

ती जात राहिली. बायांसोबत धानाच्या रोवणीत उतरली, चिखलात पडली, त्यांच्या हसण्यात हसली. नवरात्र तोंडावर आलं तेव्हा कुसुमताई स्वतःच म्हणाल्या, "आण वं तुयावाला कॅमेरा. पाहू काय दिसते त्याच्यात."

माहितीपट तयार झाला आणि एका वाहिनीनं तो मागितला. अट एकच होती: हा सगळा मनाचा आजार आहे, असं शेवटी एका डॉक्टरांकडून वदवून घ्यायचं. कामिनीनं नकार दिला.

"वेडी झाली का पोरी?" मधुकररावांनी कपाळावर हात मारला. "घरी आलेली लक्ष्मी हाकलून राहिली तू!"

"शब्द दिलाय काका."

एका संध्याकाळी पारावर पांढरं धोतर ताणून सिनेमा लागला. अंगात आल्यावरचं कुसुमताईंना कधीच काही आठवत नसे. आज त्या स्वतःला पहिल्यांदा पाहत होत्या. पडद्यावर लेक गमावलेली गावातली सुभद्रा त्यांच्या मांडीवर डोकं ठेवून हंबरडा फोडत होती, आणि मोकळ्या केसांच्या कुसुमताई घुमता घुमता तिच्या पाठीवरून हात फिरवत होत्या.

"हे मीच होय का वं?" त्यांनी पडद्याकडे बोट दाखवलं. "मले वाटे, मी लोकायले भेव दाखवतो. मी त माया करून राहिली!" पदरानं डोळे पुसून त्या म्हणाल्या, "काहीच कापू नको."

पुढे नागपुरात सिनेमा लागला तेव्हा टेम्पो भरून बाया आल्या. सभागृहात पाय ठेवायला जागा नव्हती. सिनेमा संपल्यावर कुणीतरी कामिनीला विचारलं, "मग आता तुमचा विश्वास बसला का?"

"देवीचं अजून सांगता येत नाही," ती म्हणाली, "पण या बायांवर बसला."

टाळ्या थांबेनात. बाया थेट मंचावर चढल्या आणि त्यांनी मातामायचं गाणं उचललं. कुसुमताईंनी कामिनीला हाताला धरून मधोमध ओढलं. तिला गाण्याचे शब्द नीट येत नव्हते, तरी ती खच्चून गात होती. आणि खाली मधुकरराव खुर्चीवर उभे राहून शिट्ट्या मारत होते.