पाहिल्याची साडी

आमच्या गल्लीत बाळ जन्मलं की तिसऱ्या दिवसापासून वेंकूबाई यायची आणि तिसरा महिना सरेपर्यंत त्याला रोज न्हाऊ घालायची. तंजावूरच्या राजवाड्याच्या पश्चिमेला जी मराठी घरं आहेत, तिथली दोन पिढ्यांतली बहुतेक मुलं तिच्या नडग्यांवर पालथी पडून रडलेली आहेत. मीही. तिचा नवरा रघोजी ग्रंथालयात ताडपत्राच्या पोथ्यांना तेल लावायच्या कामावर होता. "आमच्या घरांत सगळ्यांच्या हातांना तेल," ती म्हणायची, "म्हणून कांहीच हातांत टिकत नाहीं."

न्हाऊ घालण्याबद्दल कोणी तांदूळ द्यायचं, कोणी नारळ. साडी मात्र ती एका अटीवर घ्यायची. बारशाला कोणी साडी पुढे केली तर हात मागे घ्यायची.

"आतां कसली? बाळानं मला पाहिलंय कुठं?"

तिच्या मते बाळ जन्मतं तेव्हा ते अजून वाटेतच असतं. सुरुवातीला त्याला छातीपासून आईच्या तोंडापर्यंतचंच दिसतं, तेही धुरकट. मग डोळे दिव्याकडे वळू लागतात. मग चेहऱ्यावर थांबतात. आणि दीड-दोन महिन्यांनी एका सकाळी, नडग्यांवर उताणं असताना, ते सरळ तिच्या तोंडाकडे बघून हसतं. त्या दिवशी ती आत हाक द्यायची, "पोहोंचलं गे तुमचं बाळ!" त्यानंतर साडी. गल्लीत तिला पाहिल्याची साडी म्हणत.

नव्या बापांची ती हटकून खोडी काढायची. "काय वाकून वाकून बघतोस? महिनाभर तुझं तोंड नि भिंत त्याला सारखीच. भिंत बरी, तिला मिशा नाहींत."

एकोणीसशे पंचावन्नच्या चैत्रात माझ्या चंद्रमतीकाकूला दुसरा महिना लागला होता. मी तेव्हा दहा वर्षांची होते. एका सकाळी काकूच्या मानेवर आणि हातांवर बारीक गुलाबी पुरळ उठलं. अंगात किंचित ताप होता, कानामागे गाठी आल्या होत्या. आमच्याकडे पुरळ उठलं की देवी आली म्हणतात, आणि देवी घरात असताना डॉक्टर बोलावत नाहीत. तो तिचा अपमान. दाराला कडुलिंबाची डहाळी लागली, फोडणी बंद झाली. वेंकूबाईला विचारलं, कारण अशा गोष्टी तिलाच विचारत. तिने काकूचा हात उजेडात धरून पाहिला.

"तीन दिवसांची पाहुणी आहे," ती म्हणाली. "येईल नि जाईल. पोटांतल्याला कांही नाहीं. मुलगी झाली तर अंबा नांव ठेव, म्हणजे झालं."

चौथ्या दिवशी पुरळ गेलं. काकू पूर्वीसारखी हिंडू-फिरू लागली आणि घरातले सगळे ते विसरून गेले.

कार्तिकात मुलगी झाली. नाव आधीच ठरलेलं होतं.

बाळंतिणीची खोली चाळीस दिवस अंधारी ठेवायची आमची रीत. कोवळ्या डोळ्यांना उजेड लागू नये म्हणून खिडकीला जाड पंचा, दिवा दाराबाहेर. या बाबतीत वेंकूबाईइतकं कडक कोणी नव्हतं. त्या कार्तिकात दीपोत्सवाला गल्लीभर उंबऱ्यांवर पणत्या लागल्या. मी एक पणती घेऊन बाळाला दाखवायला निघाले, तर तिने दारातच माझं मनगट धरलं. "तिचे डोळे म्हणजे दुधावरची साय आहे गे. आग दाखवतेस?"

काजळ ती स्वतः करायची. माक्याच्या रसात कापड सात वेळा भिजवून वाळवायची, त्याची वात एरंडेलात लावायची, काजळी पितळेच्या भांड्याच्या बुडाशी धरायची. न्हाणं झालं की अंधारातच, नुसत्या बोटाच्या सवयीने, अंबाच्या डोळ्यांत ते काजळ घालायची. अंबा गप्प पडून राही. शहाणी मुलगी, सगळे म्हणत.

एकेचाळिसाव्या दिवशी बाळाला पहिल्यांदा मुत्तमात आणलं. मुत्तम म्हणजे आमच्या घरांच्या मधला उघडा चौक. तिथे सकाळचं ऊन सरळ खाली उतरतं. वेंकूबाईने पाटावर बसून पाय पसरले, अंबाला उताणं घेतलं, आणि पाण्याचा तांब्या उचलता उचलता थांबली. मी शेजारीच शिकेकाईची वाटी धरून बसले होते. अंबाच्या डोळ्यांत, जिथे काळं असायला हवं तिथे, ताकाचा एकेक थेंब पडल्यासारखं दिसत होतं.

वेंकूबाईने पदराचं टोक ओलं करून काजळ पुसलं. पुन्हा पाहिलं. पुन्हा पुसलं. "तेलाचा पडदा आहे," ती म्हणाली. "माझंच एरंडेल जास्त झालं. आतां नको घालूं." त्या दिवसापासून तिने काजळ बंद केलं आणि रोज कोमट पाण्याने डोळे धुवायला लागली. पडदा काही गेला नाही. काकूला तिने एवढंच सांगितलं की डोळा निवळायला वेळ लागतो. आपण खोटं बोलतोय असं तिला वाटत नव्हतं, हे मला आज कळतं. ती वाट बघत होती. बाळ पाहील तेव्हा कळेलच, अशी तिची वाट होती.

आणि अंबा हसली. दोन महिन्यांची असताना, मुत्तमात, वेंकूबाई तिच्याशी नेहमीसारखं बडबडत असताना, तोंडभर हसली. काकू स्वयंपाकघरातून धावत आली. "हसली! वेंकूबाई, हसली हो तुम्हांला!" ती तशीच आत गेली आणि तबकात साडी घेऊन आली. लाल काठांची, हिरवी. कृष्णाजीकाकांनी कुंभकोणमहून आधीच आणून ठेवलेली. वर दोन विड्याची पानं.

"थांब," वेंकूबाई म्हणाली.

ती गप्प झाली. आम्हांलाही तिने हाताने गप्प केलं. मग ती अंबावर वाकली, श्वास धरून. तिचं रुपयाएवढं कुंकू, नाकातली चमकी, सगळं अंबाच्या डोळ्यांपासून वीतभर अंतरावर. आपल्या आयुष्यात ती एवढा वेळ गप्प बसली नसेल. अंबाचे डोळे तिच्या चेहऱ्यावरून सरकून गेले, जसे खांबावरून आणि दोरीवरच्या कपड्यांवरून सरकले. परत आले, पुन्हा सरकून गेले. हसू हळूहळू मावळलं. कोणीच बोलत नाही म्हणून तिने ओठ काढले.

"मी आहें, कण्णु, मी आहें," वेंकूबाई म्हणाली, आणि अंबा पुन्हा हसली.

काकूच्या हातातलं तबक तसंच होतं. वेंकूबाईने वर पाहिलं नाही. "साडी आंत ठेव," ती म्हणाली. "हिला डोळ्यांच्या डॉक्टरकडे ने."

डॉक्टर गोपालकृष्ण यांचा दवाखाना स्टेशनच्या रस्त्याला होता. काका, काकू, मी आणि कोणी बोलावलं नसताना वेंकूबाई, असे आम्ही गेलो. त्यांनी छोट्या विजेरीने दोन्ही डोळे पाहिले आणि विजेरी खिशात ठेवता ठेवता तमिळमध्ये विचारलं, "दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यात आईला ताप आला होता? अंगावर पुरळ?"

काका काकूकडे बघत होते, काकू वेंकूबाईकडे.

"आली होती," शेवटी वेंकूबाईच म्हणाली. "तीन दिवस."

डॉक्टर चांगले होते. त्यांनी घाई केली नाही. डोळा पोटात फार लवकर घडतो, ते म्हणाले; बाहेर कोणाला दिवस गेल्याचं नीट कळलेलंही नसतं, तेव्हा आत डोळ्याचं भिंग तयार होत असतं. जर्मन गोवराचा तो ताप नेमका तेव्हा आला तर भिंग दुधाळ होतं. मग तिसऱ्या महिन्यात पापण्या मिटतात आणि सातव्याच्या सुमाराला पुन्हा उघडतात.

"पोटांतच उघडतात?" वेंकूबाईने विचारलं.

"हो."

"तिथं काय दिसतं?"

"अंधार. फार तर थोडा लालसर उजेड."

"तेव्हां तुम्हांला बोलावलं असतं तर?"

"तर मीही काही करू शकलो नसतो, अम्मा. यावर औषधच नाही. कोणाकडेच नाही." आणि तिने मान वर केली नाही म्हणून त्यांनी ते पुन्हा सांगितलं.

मूल एवढं लहान असताना शस्त्रक्रिया कोणी करणार नव्हतं. दोन वर्षांची झाली की मद्रासला न्या, असं ठरलं. निघताना काकांनी विचारलं, तोवर काय करायचं? डॉक्टर म्हणाले, वाट पाहायची. मग, स्वतःशीच बोलावं तसं, म्हणाले, "खरं तर डोळा बघून बघूनच बघायला शिकतो. पण इलाज नाही."

वेंकूबाईने त्यातलं बघून बघून शिकण्याचं वाक्य तेवढं घरी आणलं.

तिसरा महिना सरला तरी तिचं येणं थांबलं नाही. सकाळी ती अंबाला घेऊन मुत्तमातल्या उन्हात बसायची, तिच्यापुढे लाल कापड हलवायची, घासलेला तांब्या फिरवायची. अंबा उजेडाकडे तोंड करायची, बस. कधी दोन्ही मुठी डोळ्यांवर गच्च दाबून धरायची, आणि वेंकूबाई एकेक बोट सोडवत बसायची. ज्या तमिळ शब्दाने आम्ही साऱ्याच लहान मुलांना लाडाने हाक मारतो, तो कण्णु, म्हणजे डोळाच. काकूच्या तोंडून तो पुन्हा कधी आला नाही.

एकदा वेंकूबाई माझ्याजवळ म्हणाली, "पोटांत उघडले तेव्हां अंधार. बाहेर आली तर मी आणखी चाळीस दिवस अंधार दिला."

"पण डॉक्टर तर दोन वर्षं थांबा म्हणताहेत," मी म्हटलं. "चाळीस दिवसांनी काय होणार होतं?"

"ते त्यांचं. हे माझं."

त्यानंतर ती दुसऱ्या घरी न्हाऊ घालायला गेली की आधी खिडकीचा पंचा काढायची. घरातल्या सासवा तो पुन्हा लावायच्या. "वेंकूबाई म्हातारी झाली, तिला रीतभात आठवत नाहीं," असं चारचौघींत झालं. "आठवते गे, म्हणूनच काढतें," ती म्हणायची. पुढच्या वर्षी दोन घरांनी दुसरी बाई धरली. त्या घरांतली बाळं अंधारात चाळीस दिवस राहिली आणि एकेचाळिसाव्या दिवशी उजेडात येऊन छान बघू लागली. कोणाचं काही बिघडलं नाही. वेंकूबाईला कोणाला काही पटवून देता येईना.

अंबाची शस्त्रक्रिया अठ्ठावन्न साली मद्रासला झाली, एकेक करून दोन्ही डोळ्यांची. पट्ट्या निघाल्या. तिचे डोळे काळेभोर झाले होते, काकूसारखे. जाड भिंगांचा चष्मा फितीने डोक्यामागे बांधून ती गाडीतून उतरली तेव्हा सगळी गल्ली ओट्यांवर येऊन उभी होती. वेंकूबाई पुढे झाली. बोलली नाही. वाकली.

अंबाने चष्म्यातून तिच्याकडे तोंड केलं. डोळे पाण्यातल्या माशांसारखे थरथरत होते. तिला लाल रंग दिसत होता, उजेड दिसत होता, पुढे काहीतरी मोठं आहे हे दिसत होतं. तिने डोळे मिटले, हात पुढे केला, वेंकूबाईच्या नाकावरची चमकी चाचपली आणि मग आनंदाने ओरडली, "वेंकूबाई!"

लोक हसले, काकू रडली, कोणी तरी म्हणालं, "आण गे साडी!" वेंकूबाईने नुसती नकाराची मान हलवली.

मद्रासच्या डॉक्टरांनी सांगितलं, डोळ्यांत आता दोष नाही. सराव होईल तसं सुधारेल. रंग सुधारले. दार, पायरी, गाय इतपत जमलं. चेहरे जमले नाहीत. अंबा आठ वर्षांची झाली तरी माणूस ओळखायचं म्हणजे ती आधी डोळे मिटायची.

त्याच सुमाराला वेंकूबाईच्या डोळ्यांत मोतीबिंदू पिकला. चौसष्ट साली डॉक्टर गोपालकृष्णांच्याच दवाखान्यात तिची शस्त्रक्रिया झाली. चष्मा चढवला त्या सकाळी मीच तिच्याबरोबर होते. तिने एकदा भिंतीकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. "काय गे, एवढी वाळलीस? आई जेवायला घालत नाहीं?" मग डॉक्टरांकडे वळली. "तुमचे केस कधीं पिकले?"

आम्ही हसलो. ती मात्र हसता हसता थबकली.

"मला कसं लगेच दिसलं?" तिने विचारलं. "तिलाही हाच चष्मा आहे."

डॉक्टरांनी तिच्या हातावर हात ठेवला. "तुम्ही बघायला साठ वर्षांपूर्वीच शिकून ठेवलं होतं, अम्मा. ती वेळ तिला मिळाली नाही."



घरी काकूने ओवाळलं. वेंकूबाई मुत्तमाच्या पायरीवर उन्हात बसली. अंबा येऊन तिला खेटून बसली, डोळे मिटून तिच्या तोंडावरून हात फिरवला, आणि भिंगांशी येऊन थांबली. मग स्वतःच्या भिंगांना हात लावला.

"तुला पण असाच?"

"असाच."

काकू आतून ती हिरवी साडी घेऊन आली होती. आठ वर्षं पेटीत राहून घड्यांवर फिकी पडली होती. काकू तबक पुढे धरून उभी राहिली. तिच्या चेहऱ्यावर विनवणी होती: जेवढं दिसतं तेवढ्यावर घ्या आता.

"मग तुला काय दिसतं?" अंबाने विचारलं.

वेंकूबाईने समोर पाहिलं. सुपात हळकुंडं वाळत होती, एकेक वेगळं. कौलांच्या कडेवर कावळा चोच पुसत होता. काकूच्या कपाळावर बारीक घाम होता, आणि अंबाच्या पापण्यांचा केस न् केस उन्हात मोजता येत होता.

"तुझ्याइतकंच," ती म्हणाली.

अंबाला ते आवडलं. तिने वेंकूबाईच्या मांडीवर डोकं ठेवलं. वेंकूबाईचे हात तिच्या केसांवरच राहिले, तेव्हा काकू तबक आत घेऊन गेली.