अडुसष्टचा वर्ग

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही — बायकोलाही नाही. तुम्हाला सांगतोय, आणि सांगतानाही स्वतःची किळस येतेय.

मी इस्लामपूरकडच्या एका शाळेत गणित शिकवतो. दोन अंकी संख्यांचे वर्ग तोंडी काढायच्या 'माझ्या' पद्धतीमुळे तालुक्यात माझं नाव आहे. माझ्या — हा शब्द लिहितानाच तोंड कडू होतं.

पद्धत रशिदामावशींची. त्या आमच्या शाळेत शिपाई होत्या. त्यांचे वडील फरशी बसवायचे. खोलीला किती फरश्या लागतील ते मावशी लहानपणीच मनातल्या मनात काढायच्या. एकदा शाळा सुटल्यावर मी फळ्यावर चौतीसचा वर्ग मांडत होतो. त्या झाडता झाडता थांबल्या.

"अकराशे छप्पन्न."

मी गुणाकार करून बघितला. बरोबर. त्यांनी खडू घेऊन जमिनीवर चौकोन आखला. "तीस-तीसचा मोठा चौकोन, नऊशे. दोन कडंला तीस-चारच्या दोन पट्ट्या, दोनशे चाळीस. कोपरा ऱ्हातो चार-चारचा, सोळा. करा की बेरीज, सर. लय सोपं हाय."

सूत्र मला पाठ होतं — कॉलेजपासून. पण ते असं डोळ्यांना दिसतं? हे कुठं ठाऊक होतं मला!

पुढच्याच महिन्यात तालुक्यातल्या गणित शिक्षकांची बैठक आमच्या शाळेत भरली. मी फळ्यावर तोच चौकोन काढला. टाळ्या पडल्या. मावशी चहाचा ट्रे घेऊन आल्या आणि फळा बघून खुलल्या. "आवं सर, ही तर माजीच रीत!"

सगळे वळले. बैठकीला आलेल्या शिक्षण खात्याच्या साहेबांनी कौतुकानं विचारलं, "मग सांगा बघू, अडुसष्टचा वर्ग?"

ट्रे हातात तसाच. "चार हजार सहाशे चोवीस."

नुसतं 'हो, त्यांचीच' म्हणायचं होतं. मी काय केलं? हसलो. म्हणालो, "मीच शिकवलंय त्यांना. म्हटलं, मावशींना आलं म्हणजे कुणालाही येईल."

लोक खो-खो हसले. मावशींनी माझ्याकडे बघितलं. मग चहा वाटायला लागल्या. पहिला कप मलाच दिला. मी तो प्यायलोसुद्धा.

भीती होती का कसली? नव्हती. नोकरी जाणार होती? नाही. टाळ्या गोड लागल्या, बस्स. त्यानंतर मावशींनी माझ्यासमोर कधी आकडा उच्चारला नाही. त्या निवृत्त झाल्या. मी मात्र अजून शिबिरांतून तो चौकोन काढत फिरतो.

गेल्या महिन्यात आष्ट्याच्या एसटी स्टँडवर भेटल्या. सोबत नात होती, सातवी-आठवीतली. मावशी तिला म्हणाल्या, "ह्ये आमचं सर. ह्येंनीच मला वर्ग शिकीवलं."

टोमणा होता? मी त्यांच्या चेहऱ्यावर शोधला — तसं काहीच नव्हतं.

नातीनं विचारलं, "व्हय सर?"

मी म्हणालो, "व्हय."